कर-विवादातील माघार : एक मागोवा

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपल्याकडे म्हणतात. परंतु व्यापाऱ्याला ती कधी ना कधी चढावीच लागते. चढावे कसे, हे सांगणारे पुष्कळ भेटतात. उतरावे कसे, हे सांगणारे विरळा. आमच्याच बाजारपेठेतील एका व्यापारी-बंधूंनी करआकारणीविरुद्ध उच्च न्यायालयात याचिका केली आणि पुढे अपिलाच्या भरवशावर ती मागे घेतली. अपील मुदतीबाहेरचे ठरले. पुन्हा उच्च न्यायालयात जावे, तर तेही दार बंद झाले होते. सुवर्णमहोत्सवानिमित्त हा छोटासा इतिहास समाजबांधवांपुढे ठेवण्याचे कारण हेच.

प्राप्तिकराच्या पहिल्या अपिलात माघारीचा हक्क पूर्वीपासूनच मर्यादित आहे. त्या अपिलात कर कमी होऊ शकतो, तसा वाढूही शकतो. वाढीचे चिन्ह दिसताच अपील काढून घेण्याची वाट सर्वोच्च न्यायालयाने १९६७ साली हरदत्तराय मोतीलाल चमारिया प्रकरणात बंद केली. एकदा दाखल केलेले अपील करदात्यास केवळ आपल्या मर्जीने मागे घेता येत नाही, असा तो निर्णय होता.

रिट याचिकेची गोष्ट निराळी. १९८३ साली टिटाघर पेपर मिल्सच्या विक्रीकर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, कायद्यातच अपिलाची सोय असेल, तर करदात्याने तीच वाट धरावी. साहजिकच न्यायालयाचा कल पाहून याचिका मागे घेण्याचे प्रसंग येऊ लागले. १९८६ साली सरगुजा ट्रान्सपोर्ट प्रकरणात, वाद वाहतूक परवान्याचा असला तरी, सर्वांनाच लागू पडणारा नियम ठरला : नव्याने याचिका करण्याची मुभा न घेता रिट मागे घेतली, तर त्याच कारणासाठी उच्च न्यायालयात पुन्हा रिट करता येत नाही. आमच्या व्यापारी-बंधूंच्या आदेशात मुभेचा तो एक शब्द नव्हता.

शासनानेच माघारीला मानाची वाट करून दिली. १९७६ साली तडजोड आयोग आला. तो २०२१ साली बंद झाला. १९९८ च्या कर विवाद समाधान योजनेत उच्च न्यायालयातील याचिका परवानगीने मागे घेऊन तसा पुरावा द्यावा लागे. २०२० साली प्रत्यक्ष कराची ४,८३,००० प्रकरणे अपिलात प्रलंबित असल्याचे अर्थसंकल्पात सांगण्यात आले आणि ‘विवाद से विश्वास’ कायदा झाला. विहित मुदतीत वादग्रस्त कर भरणाऱ्यास व्याज व दंड माफ झाला. खालची अपिले आपोआप मागे घेतली गेल्याचे मानले जाई. उच्च व सर्वोच्च न्यायालयातील प्रकरणे मात्र परवानगी घेऊन स्वतः मागे घ्यावी लागत. २०२४ साली अशीच दुसरी योजना आली.

२०२० च्या कायद्यातील एक तरतूद मला विशेष महत्त्वाची वाटते. तडजोड केली म्हणून करदात्याने आपली बाजू चुकीची असल्याचे मान्य केले, असे प्राप्तिकर खात्यास म्हणता येणार नाही; आणि खात्यासंबंधी करदात्यासही तसे म्हणता येणार नाही.

तात्पर्य, माघार म्हणजे पराभव नव्हे. मात्र ती कोणत्या शब्दांत नोंदली गेली, यावर पुढचा हक्क अवलंबून असतो. याचिका मागे घेण्यापूर्वी अपिलाची मुदत तपासावी आणि आदेशातील मुभेचे शब्द वकिलांकडून वाचून घ्यावेत, एवढीच नम्र विनंती.