इंद्रायणीकाठचा सूर आणि एक बहुरूपी

लोणावळ्याजवळ, कुरवंडे गावाच्या परिसरात इंद्रायणी उगम पावते. मावळातील भातखाचरांना सोबत करीत ती देहूस तुकोबांना आणि आळंदीस ज्ञानोबांना भेटते व तुळापुरास भीमेत मिसळते. भीमसेन जोशी ह्यांचा ‘इंद्रायणी काठी’ हा अभंग कानी पडला की ही सारी वाट डोळ्यांपुढे उभी राहते. परंतु हा अभंग मूळचा एका विनोदी बोलपटातला, हे पुष्कळांच्या ध्यानी नसते.

तो बोलपट म्हणजे १९५३ चा ‘गुळाचा गणपती’. कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन आणि नायकाची भूमिका, सारे एकट्या पु. ल. देशपांडे ह्यांचे! ‘सबकुछ पु. ल.’ हे बिरुद त्यांना चिकटले ते ह्याच बोलपटामुळे. तेव्हा त्यांचे वय अवघे तेहेतीस.

इटलीचा व्हित्तोरिओ द सिका हा असाच नट आणि दिग्दर्शक. त्याचा ‘बायसिकल थीव्ह्‌ज’ १९५२ च्या महोत्सवात मुंबईकरांनी पाहिला होता. आपल्याकडील हा अष्टपैलू गडी मात्र १९४७ च्या ‘कुबेर’पासून पडद्यावर वावरत होता. १९५० च्या ‘पुढचं पाऊल’मध्ये त्याने भूमिका केली, ‘देवबाप्पा’तल्या ‘नाच रे मोरा’ला चाल लावून घरोघरची मुले नाचविली.

मग सारेच स्वतः करणारा हा मनुष्य अभंगाच्या वेळी काय करतो? शब्द ग. दि. माडगूळकरांकडे सोपवितो, गळा भीमसेनांचा घेतो आणि आपण चालीपुरता उरतो. अंगी अनेक कळा असणे ही दैवाची देणगी खरी. परंतु कोठे आपण बाजूस व्हावे हे उमगणे, ही त्याहून मोठी कळा. तो बोलपट आज थोड्यांनी पाहिला असेल; अभंग मात्र घरोघर ऐकला जातो.

‘गुळाचा गणपती’नंतर पु. ल. चित्रपटसृष्टीपासून दूर झाले. हाती यश असताना वाट बदलणे सोपे नसते. १९५५ मध्ये ते आकाशवाणीत गेले. १९५७ मध्ये त्यांचे ‘तुझे आहे तुजपाशी’ रंगभूमीवर आले; आणि १९६१ मध्ये ‘बटाट्याची चाळ’ घेऊन ते एकटेच रंगमंचावर उभे राहिले. ना कॅमेरा, ना नटसंच! एका देहातून अख्खी चाळ बोलू लागली. पडद्यावर ज्याने सर्व खाती सांभाळली, त्याने येथे सर्व पात्रेच आपल्यात सामावून घेतली. पुढे १९९२ मध्ये जब्बार पटेलांच्या ‘एक होता विदूषक’साठी त्यांनी पुन्हा पटकथा लिहिली, तीही एका हसविणाऱ्याच्या दुःखाची.

पु. ल. २००० साली गेले. कुरवंड्याचे पाणी अजून आळंदीकडे वाहते आहे. दिवाळीच्या पहाटे तो अभंग लागला, तर मुलांना एवढे जरूर सांगावे, की ही चाल लावणारा माणूस त्याच बोलपटात नायक होऊन आपल्याला हसवीतही होता.