रॉस रायफल: मैदानावर पहिली, खंदकात नापास

मागे आपल्या पोलिसांच्या ‘थ्री-नॉट-थ्री’बद्दल, म्हणजे ली-एनफिल्डबद्दल बोललो होतो. आज तिच्याच काळातल्या, तीच .३०३ ची गोळी झाडणाऱ्या कॅनडाच्या रॉस रायफलबद्दल.

बोअर युद्धाच्या वेळी कॅनडाला ब्रिटनकडून पुरेशा ली-एनफिल्ड मिळेनात, आणि त्या कॅनडात बनवायलाही कुणी तयार होईना. तेव्हा सर चार्ल्स रॉस या स्कॉटिश सरदाराने स्वतःचं डिझाइन पुढे केलं आणि क्वेबेक शहरात कारखाना उभा राहिला.

आता यंत्राकडे बघू. ली-एनफिल्डचा बोल्ट आधी वर फिरवायचा, मग मागे ओढायचा. रॉसचा नुसता सरळ मागे ओढायचा. आतल्या पिळदार खाचांमुळे बोल्टचं डोकं आपोआप फिरतं. कागदावर एक हालचाल वाचली! पण गोळी सुटल्यावर पितळी काडतूस फुगून चेंबरला चिकटतं. हँडल फिरवताना जी तरफ मिळते, तिने ते सैल होतं. सरळ ओढण्यात तेवढा जोर लागत नाही. त्यात रॉसचा चेंबर अगदी घट्ट मापाचा, म्हणून बिस्लेच्या नेमबाजी स्पर्धांत तिने नाव कमावलं.

एप्रिल १९१५. बेल्जियममधलं ईप्र. २४ तारखेला कॅनडाच्या सैनिकांवर क्लोरीन वायू सोडला गेला, मागोमाग जर्मन पायदळ आलं. हातात चिखलाने माखलेली रॉस, आणि ब्रिटिश काडतुसांच्या मापात जास्त फरक. बोल्ट अडकले. पोरं बुटाच्या टाचेने, कुदळीच्या दांड्याने ते ठोकून उघडत होती. लढाईतून वाचलेल्या ५,००० पायदळ सैनिकांपैकी १,४५२ जणांनी रॉस फेकून ली-एनफिल्ड उचलली होती.

आमच्या भाषेत सांगायचं तर टेस्टिंग झालं ते स्वच्छ इनपुटवर, आणि प्रॉडक्शनमध्ये आला चिखल. पण एवढ्यावर थांबलो तर अर्धीच गोष्ट होईल. चेंबर नंतर मोठा केला, तरी तक्रारी थांबल्या नाहीत. मग लक्षात आलं, की बोल्ट जोरात मागे आपटला की त्याचा मागचा आटा बोल्ट-स्टॉपवर आदळून चेपतो. म्हणजे जितकं ठोकाल, तितकी रायफल जास्त अडकणार.

मला खरा राग येतो तो मात्र मंत्र्याचा. संरक्षण खातं सांभाळणारे सॅम ह्यूज शेवटपर्यंत रॉसचीच बाजू घेत राहिले. पहिल्या डिव्हिजनला जून १९१५ मध्ये ली-एनफिल्ड मिळाल्या. बाकीच्यांना १९१६ उजाडावं लागलं. ह्यूज यांचं मंत्रिपद नोव्हेंबर १९१६ मध्ये गेलं.

रॉस मात्र पूर्ण बाद झाली नाही. स्नायपर मंडळींनी ती आवडीने जवळ ठेवली, कारण ते निवडक काडतुसं वापरत, रायफल पुसून ठेवत आणि दिवसाला मोजक्याच गोळ्या झाडत. रायफल तीच, काम वेगळं. तिला चुकीच्या कामावर जुंपलं गेलं, आणि त्याची किंमत खंदकातल्या पोरांनी मोजली.