कागदाचे माप आणि वृत्तपत्रांची मालकी

बुऱ्हाणपूरचा इतिहास सांगताना आपण फारुकी सुलतान व मोगल सुभेदार ह्यांच्यापाशीच थांबतो. परंतु त्याच जिल्ह्यातील नेपानगरला भारतीय वृत्तपत्रांच्या इतिहासात स्वतंत्र स्थान आहे. देशातील पहिला वृत्तपत्री कागदाचा कारखाना तेथे उभा राहिला. २६ एप्रिल १९५६ रोजी पंडित नेहरूंनी तो राष्ट्राला अर्पण केला. तरीही गरजेइतका कागद देशात निर्माण होत नव्हता. बराचसा परदेशांतून येई, आणि त्याची वाटणी सरकारच्या हाती होती. मालकीवर अंकुश ठेवू पाहणाऱ्या शासनाला हेच साधन सोयीचे वाटले.

हेतू वाईट होता असे नव्हे. न्या. राजाध्यक्ष ह्यांच्या अध्यक्षतेखालील वृत्तपत्र आयोगाने १९५४ साली मोठ्या भांडवलदारांच्या हाती वृत्तपत्रे एकवटण्याचा धोका दाखवून दिला आणि किंमत व पृष्ठे ह्यांचे प्रमाण ठरविण्याची शिफारस केली. त्यानुसार १९५६ चा कायदा व १९६० चा आदेश निघाला. त्याचा फटका मात्र पुण्याच्या ‘सकाळ’ला बसला. सात नव्या पैशांत आठवड्याच्या सहा दिवसांत चौतीस पृष्ठे देणाऱ्या ह्या पत्राला त्याच किमतीत चोवीसच पृष्ठे देता आली असती. डॉ. ना. भि. परुळेकर ह्यांनी १९३२ साली काढलेल्या ह्या पत्राच्या बाजूने काही वाचकही न्यायालयात गेले. २५ सप्टेंबर १९६१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने आदेश रद्द ठरविला. निकालपत्र न्या. मुधोळकर ह्यांचे होते. पृष्ठे कमी करणे किंवा किंमत वाढवावयास लावून खप घटविणे म्हणजे विचारप्रसारालाच आळा घालणे होय, असा त्याचा आशय होता.

अकरा वर्षांनी प्रश्न पुन्हा उभा राहिला. १९७२-७३ च्या कागदधोरणाने दहा पृष्ठांची मर्यादा घातली, आणि एकाच मालकीची अनेक पत्रे असल्यास त्या मालकास मंजूर कोट्यातूनही नवे पत्र काढण्यास मनाई केली. ३० ऑक्टोबर १९७२ रोजी ‘बेनेट कोलमन’ खटल्यात न्यायालयाने ही बंधनेही बहुमताने अवैध ठरविली. न्या. मॅथ्यू ह्यांनी भिन्न मत नोंदविले. अनेकांचा आवाज लोकांच्या कानी पडावा, हा विचार त्यामागे होता.

ह्या इतिहासाचा बोध एकेरी नाही. मालकीची मक्तेदारी मोडण्यासाठी कागद मोजला की मालकाबरोबर वाचकही शिक्षा भोगतो, हे न्यायालयाने ओळखले. पण आयोगाने दाखविलेला धोका त्यामुळे नाहीसा झाला नाही. सीमेवरील वाचकाला हे विशेष जाणवावे. १९५६ मध्ये बुऱ्हाणपूरची राजधानी नागपूरहून भोपाळला गेली, आणि राज्याच्या कडेला राहिलेल्या मराठी वाचकाची दखल मोठ्या शहरातील मोठा मालक घेईलच, असा भरवसा नाही. तेव्हा लहान पत्र जगले पाहिजे. पण ते दुसऱ्याची पाने कापून नव्हे. हे कसे साधावे, ह्या प्रश्नाचे उत्तर त्या दोन निकालांनी दिले नाही. ते शोधण्याची जबाबदारी अद्याप आपल्यावरच आहे.