काळ गिळणारे जीव आणि इतिहासदृष्टी : ‘डॉक्टर हू’ या दूरचित्रवाणी मालिकेचा एक अभ्यास

प्रस्तावना :

ब्रिटनमधील बीबीसीने २३ नोव्हेंबर १९६३ रोजी ‘डॉक्टर हू’ ही विज्ञानकथामालिका प्रथम प्रक्षेपित केली. निळ्या पोलीस-चौकीसारख्या दिसणाऱ्या यानातून कोणत्याही काळात जाऊ शकणारा परग्रहवासी ‘डॉक्टर’ हा तिचा नायक होय. मनोरंजनाबरोबर मुलांना इतिहास व विज्ञान यांची ओळख व्हावी, असा मूळ हेतू होता. म्हणूनच डॉक्टरच्या पहिल्या सहप्रवाशांत इयान चेस्टरटन हे विज्ञानाचे आणि बार्बरा राइट या इतिहासाच्या शिक्षिका आहेत. (पहिल्या कथेचे दिग्दर्शक वारिस हुसेन हे जन्माने लखनौचे, हेही येथे नोंदविण्यासारखे आहे.) या मालिकेत काळ गिळणारे, काळाचा क्रम मोडणारे अनेक कल्पित जीव येतात. ते नेमके काय खातात, हा प्रश्न वरकरणी पोरकट वाटेल. परंतु त्याचे उत्तर १९७२ मध्ये एक आणि २००७ मध्ये दुसरे मिळते. इतिहास कोणाचा मानावयाचा, या प्रश्नाशी हा फरक जोडलेला आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते.

अचल इतिहास :

प्रारंभी काळ खाणारा कोणी नव्हताच, कारण इतिहास बदलणे अशक्य मानले गेले होते. ‘द अॅझ्टेक्स’ (१९६४) या कथेत बार्बराला एका दिवंगत पुरोहिताचा अवतार समजले जाते. या मानाचा उपयोग करून ती नरबळी बंद करू पाहते. ही प्रथा थांबली तर पुढे येणारे स्पॅनिश आक्रमक या संस्कृतीचा नाश करणार नाहीत, अशी तिची आशा आहे. डॉक्टर तिला निक्षून अडवितो आणि ती अपयशी ठरते. केवळ एका पुरोहिताची श्रद्धा डळमळते व तो नगर सोडून जातो. १८२९ च्या सतीबंदीचा इतिहास ज्यांनी अभ्यासला आहे, त्यांना परक्या शिक्षिकेची ही सुधारणेची तळमळ ओळखीची वाटेल. तीतील कळकळही आणि अधिकारही.

क्रोनॉस :

‘द टाइम मॉन्स्टर’ (१९७२) मध्ये ‘क्रोनोव्होर’, म्हणजे कालभक्षक, ही जात प्रथम अवतरते. तिचा प्रतिनिधी क्रोनॉस हा ग्रीक पुराणातील टायटनच्या नावाचा, पंख असलेला शुभ्र जीव आहे. त्याच्या आगमनाने एक तरुण संशोधक क्षणात वृद्ध होतो. परंतु कथेला त्याचे फारसे दुःख नाही, पुढे तो पूर्ववतही होतो. क्रोनॉसचे खरे भक्ष्य अटलांटिस आहे. राजा, राणी, मंदिर आणि बुडणारे साम्राज्य असा हा सारा पट आहे. मराठीत ‘काळ’ या एकाच शब्दात समय आणि मृत्यू हे दोन्ही अर्थ नांदतात. क्रोनॉस हा त्या अर्थाने काळच आहे, पण तो राज्यांचा काळ आहे, माणसांचा नव्हे.

रडणारे देवदूत :

९ जून २००७ रोजी प्रक्षेपित झालेल्या ‘ब्लिंक’ या भागात स्टीव्हन मोफॅट यांनी निर्माण केलेले ‘वीपिंग एंजल्स’ याच्या अगदी उलट आहेत. कोणी पाहत असेपर्यंत हे जीव दगडी पुतळे असतात. पापणी लवताच झडप घालतात. ते रक्त सांडत नाहीत. माणसाला भूतकाळात फेकून देतात आणि त्याच्या वर्तमानात जगावयाच्या राहून गेलेल्या दिवसांवर पोसले जातात. कॅथी नाइटिंगेल अशी १९२० च्या हल शहरात जाऊन पडते, तेथेच संसार करते व तेथेच वृद्ध होते. ती दिसेनाशी होते त्याच घटकेला तिचा नातू तिचे जुने पत्र घेऊन तिच्या मैत्रिणीच्या, सॅली स्पॅरोच्या, पुढ्यात उभा राहतो. बिली शिप्टन हा तरुण पोलीस अधिकारी १९६९ मध्ये फेकला जातो. सॅलीला तो त्याच दिवशी पुन्हा भेटतो तो रुग्णालयातील मरणासन्न वृद्ध म्हणून.

येथे कोणतेही साम्राज्य बुडत नाही. इतिहासाच्या पुस्तकातील एक ओळही बदलत नाही. हरवते ती एका सामान्य व्यक्तीची चाळीस-पन्नास वर्षे, आणि तिचा पुरावा म्हणून उरतात पत्र, छायाचित्र, थडगे. ही सामग्री सामाजिक इतिहासाच्या अभ्यासकाची आहे. मालिका सुरू झाली त्याच १९६३ साली ई. पी. थॉम्प्सन यांचा इंग्लंडमधील कामगारवर्गाच्या घडणीवरील ग्रंथ प्रसिद्ध झाला. हातमागावरील विणकर व मोजे विणणारे कारागीर यांना त्याने इतिहासात जागा दिली. सामान्य माणसाचे दिवस हेही इतिहासाचे द्रव्य आहे, ही जाणीव कालभक्षकांच्या कथेत उतरण्यास चार दशके लागली. तत्पूर्वी ‘फादर्स डे’ (२००५) मध्ये तिची चाहूल लागते. तेथे रोझ आपल्या वडिलांना १९८७ मधील अपघातातून वाचविते. त्या एका अप्रसिद्ध मृत्यूच्या टळण्याने काळाला जखम होते व ती मिटविण्यासाठी भयंकर पक्षीसदृश जीव येतात.

मोफॅट यांच्या मांडणीत एक पळवाटही आहे. कॅथीला सुखी संसार देऊन त्यांनी तिच्यावरील अन्याय सौम्य केला. तिच्या संमतीवाचून तिचे आयुष्य बदलले, हे प्रेक्षक सहज विसरतो. २०१० च्या कथेत तर हे जीव सैनिकांच्या माना मोडू लागतात आणि साधे राक्षस होऊन बसतात. ‘द एंजल्स टेक मॅनहॅटन’ (२०१२) मध्ये मात्र मूळ भय परत येते. १९३८ च्या न्यूयॉर्कमधील एका इमारतीत माणसे कोंडून ठेवली जातात आणि त्यांचे दिवस पुन्हापुन्हा खाल्ले जातात. तेथे रोरी स्वतःलाच वृद्धावस्थेत, अंथरुणावर, प्राण सोडताना पाहतो.

साधनांविषयी :

या मालिकेच्या अभ्यासकास एक अडचण सतत जाणवते. बीबीसीने १९६० व १९७० च्या दशकांत जुन्या चित्रफिती पुसून पुन्हा वापरल्या; त्यात या मालिकेचे अनेक भाग नष्ट झाले. ‘द अॅझ्टेक्स’चे चारही भाग उपलब्ध आहेत. ‘द हायलँडर्स’ (१९६६-६७) या १७४६ च्या कलोडन लढाईनंतरच्या कथेचे चारही भाग मात्र पुसले गेले. तिचा ध्वनी तेवढा आज ऐकता येतो, कारण प्रक्षेपण चालू असताना घरी बसलेल्या प्रेक्षकांनी तो आपल्या टेपरेकॉर्डरवर उतरवून घेतला होता.