सर्बियन लीग वोयवोदिना, 2017–18
सर्बियातील फुटबॉलच्या तिसऱ्या श्रेणीच्या वोयवोदिना गटाचा हंगाम. सर्बियन लीगचे बेलग्रेड, वोयवोदिना, पूर्व व पश्चिम असे चार गट असून वोयवोदिना गटात देशाच्या उत्तरेकडील याच नावाच्या स्वायत्त प्रांतातील क्लब खेळतात. वर दुसऱ्या श्रेणीची प्रथम लीग व तिच्यावर सुपरलीग. खाली विभागीय लीगा. हंगाम ऑगस्टमध्ये सुरू होतो, कडाक्याच्या थंडीत खंडित होतो आणि उन्हाळ्याच्या तोंडाशी संपतो.

या हंगामाचे अजिंक्यपद बाच्का टोपोला येथील टी.एस.सी. या क्लबने मिळवले. अशा श्रेणीतील हंगाम सहसा विस्मृतीत जातात. हा मात्र पुढील घडामोडींमुळे महत्त्वाचा ठरतो. बाच्का टोपोला हे हंगेरियन भाषकांची मोठी वस्ती असलेले छोटे शहर. 1913 साली स्थापन झालेल्या या क्लबला हंगेरीतून मोठे आर्थिक पाठबळ मिळाले. त्या पैशाचा वाटा नाकारता येत नाही, पण मैदानावरील कामगिरीही तितकीच खरी आहे. क्लबने 2018–19 मध्ये प्रथम लीगही पहिल्याच प्रयत्नात जिंकली. 2020 मध्ये युरोपा लीगच्या पात्रता फेरीत रुमानियाच्या एफ.सी.एस.बी.शी 6–6 अशी विलक्षण बरोबरी झाली. संघ पेनल्टींवर हरला. 2022–23 मध्ये तो सुपरलीगमध्ये दुसरा आला. सप्टेंबर 2023 मध्ये लंडनला वेस्ट हॅमविरुद्ध पेतार स्तानिचने उत्तरार्धाच्या आरंभीच गोल करून संघाला आघाडी मिळवून दिली. सामना वेस्ट हॅमने 3–1 असा जिंकला.