पैसे फुटाचे, पाण्याचे नाहीत: बोअरच्या गाडीची गोष्ट

ज्यांना कानात हेडफोन घालून ऐकण्यापेक्षा वाचणं सोपं जातं, त्यांच्यासाठी या एपिसोडचं हे लिहिलेलं रूप. बोलताना जे पटापट म्हटलं ते इथे थोडं सावकाश.

आजची गोष्ट वरसाव्यातून सुरू होते. अंधेरीचं वर्सोवा नाही हं, मीरा-भाईंदरचं वरसावे. घोडबंदर रोड आणि मुंबई-अहमदाबाद हायवे जिथे एकमेकांना भेटतात, तिथलं. एका अंगाला नॅशनल पार्कचे डोंगर, दुसऱ्या अंगाला वसईची खाडी. ट्रॅफिकमध्ये अडकल्याशिवाय इथून कोणी पुढे गेलाय, असं सहसा होत नाही. आणि अडकलात की समोर भरपूर पाणी दिसतं, पण ते सगळं खारं. मीरा-भाईंदरला स्वतःचं असं मोठं गोडं पाणी नाहीच. 'स्टेम' आणि एमआयडीसी जे देतात त्यावर शहर चालतं, आणि ते पाणी येतं उल्हास नदीच्या बाजूने, लांबून. कमी पडलं की टँकर. खाडीकाठाला बोअर मारायचा म्हटलं तर खारट पाण्याची धास्ती.

म्हणून सूर्या धरणाचं पाणी आणायची मोठी योजना आली. एकूण दिवसाला ४०३ दशलक्ष लिटर, त्यातलं २१८ मीरा-भाईंदरचं आणि १८५ वसई-विरारचं. जलवाहिनी खाडीखालून न्यायची, म्हणून वरसावे पुलाजवळ, ससूनवघरला, जमिनीत सरळ खाली जाणारा खड्डा खणत होते. २९ मे २०२४ च्या रात्री त्याची कड कोसळली आणि पोकलेनचा चालक मशीनसकट मातीखाली गेला. एनडीआरएफ आलं, लष्कर आलं, मंत्री आले, कित्येक दिवस बातम्या चालल्या.

हे आठवायचं कारण असं, की पाण्यासाठी जमिनीत सरळ खाली जायचं काम महाराष्ट्रात रोज कुठे ना कुठे चालू असतं. फक्त तो खड्डा साडेसहा इंचाचा असतो आणि तो कुणी मोजत नाही. त्या खड्ड्याचा, म्हणजे बोअरचा, इतिहास आज सांगायचाय.

आधी पायाखालचा दगड बघू. महाराष्ट्राचा जवळपास ८० टक्के भाग बेसॉल्टवर बसलाय, म्हणजे आपला काळा पाषाण. साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हारसाचे थरावर थर साचले, त्यातून तो झाला. हा दगड स्पंजासारखा नाही. पाणी मुरतं ते वरच्या मुरमात, भेगांमध्ये, आणि दोन थरांच्या मधल्या सच्छिद्र पट्ट्यात. म्हणजे तुमच्या बोअरला धो धो पाणी लागेल आणि शेजाऱ्याचा वीस पावलांवरचा बोअर कोरडा जाईल. यात नशिबाचा भाग कमी, भेगेचा जास्त. पण भेग वरून दिसत नाही. म्हणूनच हातावर नारळ उभा करून जागा सांगणारा पाणाड्या आजही पोट भरतो.

या दगडात पूर्वी विहीर कशी खोदायचे? पहार, घण, सुरुंग. वडार समाजाच्या माणसांनी अख्ख्या पंचक्रोशीच्या विहिरी अंगमेहनतीने फोडल्यात. खोली मोजायची 'परस' या मापाने. हे माप मूळचं माणसाच्या उंचीवरून आलेलं. किती सुंदर गोष्ट आहे बघा, विहिरीची खोली माणसाने मोजायचे! सात-आठ परस म्हणजे खोल विहीर. त्याखाली जायचं कुणाच्या डोक्यातही नसायचं, कारण मोटेने तरी किती खालून उपसणार?

भोक पाडायची यंत्रं तेव्हाही होती. दोरखंडाला बांधलेलं जड पोलादी हत्यार उचलायचं आणि आपटायचं, पुन्हा उचलायचं, पुन्हा आपटायचं. काळ्या दगडात एका भोकाला आठवडेच्या आठवडे जायचे.

सगळं बदललं ते एका साध्या कल्पनेनं. हातोडा वर ठेवण्यापेक्षा तो भोकाच्या आतच पाठवला तर? दांड्यांच्या टोकाला हातोडा, त्याच्या तोंडाला टंगस्टन कार्बाइडची बटणं असलेलं बिट, आणि वरून कॉम्प्रेसरची हवा. तीच हवा हातोड्याला ठोकायला लावते आणि तीच दगडाचा भुगा वर फेकते. लाइनीतले लोक याला डीटीएच म्हणतात. आठवड्यांचं काम दिवसावर आलं. १९६६-६७ च्या बिहारच्या दुष्काळात युनिसेफने इंग्लंडहून हॅल्को कंपनीची अशी यंत्रं विमानाने आणली. कठीण खडकाच्या भारतात पिण्याचं पाणी इतक्या लवकर काढता येतं, हे सरकारला तिथे दिसलं.

मग आला आपला १९७२ चा दुष्काळ. तुमच्या आजी-आजोबांना विचारा. सुकडी, मिलो, खडी फोडायची कामं, सगळं सांगतील. त्याच सुमाराला राज्याने भूजल सर्वेक्षण आणि विकास यंत्रणा उभी केली, आणि गावोगावी बोअर घेऊन त्यावर हातपंप बसवायचं काम जोरात सुरू झालं. कित्येक ठिकाणी असं झालं की ज्यांना गावच्या विहिरीवर चढू देत नव्हते, त्यांच्या वस्तीत स्वतःचं पाणी आलं. बोअरच्या यंत्रावर कितीही टीका करा, आणि मी पुढे करणारच आहे, पण हे श्रेय त्याला द्यावंच लागतं.

आता या गोष्टीतला माझा सगळ्यात आवडता भाग. भोकं पडली, पण हापसे टिकेनात. त्या वेळचे ओतीव लोखंडाचे हातपंप म्हणजे परदेशात एका कुटुंबाच्या अंगणात चालणाऱ्या पंपांच्या नकला. इथे त्यांच्यावर अख्खं गाव दिवसभर तुटून पडायचं. १९७४ च्या सुमाराला युनिसेफने पाहिलं तर चारातले जवळजवळ तीन पंप बंद. म्हणजे यंत्र आणलं, खडक फोडला, पाणी लागलं, आणि गाव पुन्हा घागर घेऊन जुन्या विहिरीवर!

तोड निघाली ती महाराष्ट्रातच. जालन्याच्या आणि सोलापूरच्या मिशनच्या लोकांनी हातपंप स्वतःच दुरुस्त करता करता नवा बनवला होता. ओतीव लोखंडाऐवजी जोडकामाचं पोलाद वापरलं. सोलापूरच्या पंपात तर दांडा आणि आतली सळई यांच्यामध्ये साखळी घातली, त्यामुळे सळई नेहमी सरळ वर ओढली जाते, वाकडी घासत नाही. शिवाय बेअरिंग. ऐकायला किरकोळ वाटतं, पण पंप महिन्याला मोडणार की वर्षानुवर्षं चालणार, हे त्या साखळीने ठरवलं. सोलापूरच्या पंपाचा हाच पाया धरून सरकार, युनिसेफ आणि रिचर्डसन अँड क्रुडास ही सरकारी कंपनी यांनी 'इंडिया मार्क टू' घडवला. कोइम्बतूरकडे त्याची खोल बोअरवर चाचणी झाली, मद्रासच्या कारखान्यात तो बनू लागला आणि १९७९ मध्ये त्याचं भारतीय मानकही आलं. रिचर्डसन अँड क्रुडास म्हणजे आपल्या भायखळ्याची बरं का. आज हा जगातला सगळ्यात जास्त पसरलेला हातपंप मानतात. युगांडात त्याचं नाव आहे 'यू टू'. त्या गाणाऱ्या बँडशी काही संबंध नाही!

इथे थांबून एक गोष्ट लक्षात घ्या. पंपाचं मानक झालं. त्याचा पोलादी पत्रा किती जाड, साखळी कशी, बेअरिंग कुठलं, सगळं लिहिलं गेलं, तपासणारा माणूस ठरला. भोकाकडे मात्र तितकं लक्ष गेलं नाही. किती खोल, किती अंतरावर, कोण मारतोय, काय लागलं, याची वही नीट ठेवली गेली नाही. आजच्या बोअर धंद्याचं दुखणं मला तरी तिथेच दिसतं.

कारण सरकारपाठोपाठ धंद्यात उतरले खासगी लोक. त्यांची राजधानी महाराष्ट्रात नाही. तमिळनाडूच्या नामक्कल जिल्ह्यात तिरुचेंगोडे नावाचं गाव आहे. तिथल्या लोकांनी ट्रकवर कॉम्प्रेसर आणि ड्रिलिंगचा मनोरा चढवला आणि देशभर निघाले. पुढच्या वेळी हायवेला दांड्यांची चळत लादलेली दोन गाड्यांची जोडी दिसली तर नंबरप्लेट बघा, बऱ्याचदा 'टीएन ३४' असतं. एका गाडीवर यंत्र, दुसरीवर दांडे, डिझेल, स्वयंपाकाची भांडी आणि पोरं. मालक तमिळनाडूचा, कामगार बहुधा छत्तीसगड, झारखंड, ओडिशाचे. पावसाळ्याआधीचे काही महिने रात्रंदिवस काम, कानठळ्या बसवणारा आवाज आणि नाकातोंडात दगडाची भुकटी. गावात गाडी आणतो स्थानिक एजंट, आणि त्याचं कमिशन गिऱ्हाइकाच्याच खिशातून जातं.

धंद्याचा हिशेब साधा आहे. पैसे फुटावर. पाणी लागलं तरी, नाही लागलं तरी. कॉम्प्रेसर डिझेल पितो, बिट झिजतात, मालकाला हप्ता भरायचाय. त्याच्या बाजूने बघितलं तर यात गैर काही नाही. कोरड्या दगडालाही तेवढंच डिझेल लागतं. पण त्यामुळे सगळी जोखीम एकाच माणसाच्या डोक्यावर येते. रात्री दोन वाजता चारशे फुटांवर नुसती धूळ उडत असते आणि ऑपरेटर विचारतो, "मालक, बंद करू की अजून पन्नास टाकू?" आतापर्यंत गेलेले पैसे डोळ्यांसमोर असतात. शेतकरी म्हणतो, टाका. खाली गेलं की फुटाचा भावही चढत जातो. जुगाराच्या टेबलावर यापेक्षा वेगळं काय होतं, मला सांगा.

२०१२-१३ च्या दुष्काळात जालन्याकडच्या मोसंबीच्या बागा वाळत होत्या तेव्हा हेच झालं. बाग वाचवायला एक बोअर, तो फेल, दुसरा, तोही फेल. २०१६ मध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेने पाणी न्यावं लागलं. अशा वर्षी सगळ्यांची कामं थांबतात, बोअरच्या गाड्यांना मात्र उसंत नसते. मराठवाड्यात सातशे-आठशे फूट ही आता कुणाला धक्का देणारी खोली राहिलेली नाही.

खाली गेलं की पाणी असतंच असंही नाही. बेसॉल्टमध्ये जितकं खोल जाल तितक्या भेगा साधारणपणे कमी होतात. आणि लागलं तरी ते बऱ्याचदा जुनं साठलेलं असतं, पावसाने ते सहज भरून येत नाही. खात्यातली मुद्दल काढून खाल्ल्यासारखं. वर आणखी एक त्रास: खोल बोअर वरचा पाण्याचा थर भेदून गेला की शेजाऱ्याच्या विहिरीतलं पाणी खाली उतरू शकतं. विदर्भात, यवतमाळ-चंद्रपूरकडे, काही ठिकाणी बोअरच्या पाण्यातून फ्लोराइड आलं आणि दात, हाडं बिघडली. हापशाने आणलेलं 'शुद्ध' पाणी!

कायदा नाही का? आहे की. १९९३ चा कायदा पिण्याच्या पाण्याच्या सार्वजनिक स्रोताच्या ५०० मीटरच्या आत नवी विहीर घ्यायला आडकाठी करायचा. मग २००९ चा भूजल कायदा आला. त्याला राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली २०१३ मध्ये, लागू झाला २०१४ मध्ये, नियमांचा मसुदा लोकांपुढे आला २०१८ मध्ये. त्यात शेती आणि उद्योगासाठी ६० मीटरपेक्षा, म्हणजे सुमारे दोनशे फुटांपेक्षा, खोल विहिरीला बंदी आहे. बोअरच्या गाड्यांच्या मालकांनी नोंदणी करावी असंही आहे. आता ही दोनशे फुटांची रेघ आणि वर सांगितलेले सातशे-आठशे फूट शेजारी शेजारी ठेवा. त्यात १८८२ च्या सुखाधिकार कायद्यापासून डोक्यात बसलेली समजूत आहेच, की माझ्या जमिनीखालचं पाणी माझं. ते पाणी भेगेतून शेजाऱ्याकडे वाहतं, हे त्या कायद्याच्या काळात कुणाच्या गणतीत नव्हतं.

हिवरे बाजारने मात्र सरकारची वाट पाहिली नाही. नगर जिल्ह्यातल्या या गावाच्या ग्रामसभेने शेतीसाठी बोअर घ्यायला बंदी केली. दरवर्षी पाऊस किती झाला ते बघून कुठलं पीक घ्यायचं याचा ताळेबंद मांडतात. हे सगळीकडे जमेल का? सोपं नाही. तिथे लोक एकमेकांना ओळखतात, कुणाच्या शेतात रात्री गाडी लागली तर सकाळी गावभर कळतं. वरसाव्याच्या आसपासच्या टॉवरांमध्ये, जिथे समोरच्या फ्लॅटमध्ये कोण राहतं ते माहीत नसतं, तिथे कुणी कुणाला विचारायचं?

फेल गेलेल्या बोअरचं काय होतं, हेही सांगून टाकतो. बऱ्याच ठिकाणी केसिंगचा पाइप उपसून घेतात, कारण तो दुसरीकडे कामाला येतो. वर एक दगड किंवा पोतं. अशा भोकात लहान मुलं पडून जीव जायला लागले, तेव्हा २०१० मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलं: आधी कळवा, कुंपण घाला, फलक लावा, सोडलेलं भोक माती-दगडांनी जमिनीपर्यंत भरा. कोरडा बोअर नीट गाळणी करून पावसाचं पाणी जिरवायलाही वापरता येतो. पण त्यासाठी तो कुठे आहे, किती खोल आहे, कुठल्या फुटाला भेग लागली होती, हे माहीत हवं. आणि गाडी गाव सोडून जाते तेव्हा गिऱ्हाइकाच्या हातात बहुतेक वेळा एकच कागद असतो. त्यावर लिहिलेलं असतं: ड्रिलिंग इतके फूट, केसिंग इतके फूट, एकूण रुपये इतके. पाणी किती फुटाला लागलं, याचा रकाना त्यात नसतो.