‘आपण’ आणि ‘आम्ही’ : हवाईपासून कुपवाडपर्यंत

“आम्ही शनिवारी सिनेमाला चाललोय” आणि “आपण शनिवारी सिनेमाला चाललोय.” पहिलं वाक्य ऐकून पाहुणा म्हणेल, “वा, मजा करा!” दुसरं ऐकून विचारेल, “किती वाजता निघायचं?” फरक एका शब्दाचा, पण तिकिटं किती काढायची ते त्यावर ठरतं. ‘आपण’मध्ये ऐकणारा आला, ‘आम्ही’मधून तो वगळला. इंग्रजीत दोन्हीकडे एकच ‘वुई’. हिंदीत ‘हम’. संस्कृतात द्विवचन आहे, पण ऐकणाऱ्याला धरून की वगळून हा भेद नाही.

मग मराठीत तो आला कुठून? आणि जगात आणखी कोणाकडे आहे?

आपल्यापैकी बऱ्याच जणांच्या ऑफिसात फिलिपिनो सहकारी असतात. त्यांना विचारून बघा. त्यांच्या टागालोगमध्ये ‘तायो’ म्हणजे आपण आणि ‘कामी’ म्हणजे आम्ही. मलय भाषेत तेच ‘किता’ आणि ‘कामी’. आपल्या पन्नासाव्या राज्यात, हवाईत, तर याच्याही पुढची पायरी आहे. ‘काकोउ’ म्हणजे आपण सगळे, ‘माकोउ’ म्हणजे तुम्हाला सोडून आम्ही. शिवाय दोघांसाठी वेगळे शब्द: ‘काउआ’ म्हणजे तू आणि मी, ‘माउआ’ म्हणजे मी आणि तो, तू नव्हे!

या सगळ्या भाषा ऑस्ट्रोनेशियन कुटुंबातल्या. तैवानहून होड्यांतून निघालेली ही माणसं पश्चिमेला मादागास्कर, पूर्वेला ईस्टर बेट, उत्तरेला हवाई आणि दक्षिणेला न्यूझीलंडपर्यंत पोचली. कुटुंबात हजाराहून अधिक भाषा. मराठीशी त्यांचं रक्ताचं नातं नाही. वाक्यरचना तर अगदी उलटी: आपलं क्रियापद वाक्याच्या शेवटी, हवाईयनचं सुरुवातीला. पण शब्द दोनदा म्हणायची हौस मात्र सारखी. आपलं ‘पटपट’, त्यांचं ‘विकिविकि’, अर्थही तोच. होनोलुलूच्या विमानतळावरच्या बसचं हे नाव वॉर्ड कनिंगहॅम या प्रोग्रॅमरला आवडलं, आणि 1995 मध्ये त्याने आपल्या वेबसाइटला ते दिलं. ‘विकिपीडिया’तलं विकि ते हेच!

युरोपियन लोकांना ‘आपण-आम्ही’चा भेद व्याकरणात नोंदवावा लागला तो अमेरिका खंडातच. पेरूमधल्या केचुआ भाषेचं पहिलं छापील व्याकरण दोमिंगो दे सांतो तोमास या पाद्र्याने 1560 मध्ये प्रसिद्ध केलं. त्यात हा भेद त्याने समजावून सांगितला आहे. श्रीरामपूरच्या विल्यम कॅरीचं मराठी व्याकरण 1805 चं. दादोबा पांडुरंगांचं 1836 चं.

आता आपला भेद आला कुठून ते बघू. शब्द दोन्ही आर्यकुळातले. ‘आम्ही’ प्राकृत ‘अम्हे’वरून, ‘आपण’ संस्कृत ‘आत्मन्’वरून. पण कल्पना मात्र शेजाऱ्यांची असावी. तेलुगूत ‘मनमु’ आणि ‘मेमु’, तमिळमध्ये ‘नाम्’ आणि ‘नांगळ्’. द्रविड भाषांच्या सहवासातून हा भेद मराठीत आणि गुजरातीत रुजला, असं अनेक अभ्यासक मानतात. म्हणजे हार्डवेअर आर्य, पण डिझाइन द्राविडी! बर्कलीच्या मरे एमेनो यांनी 1956 मध्ये ‘भारत हे एक भाषिक क्षेत्र’ हा विचार मांडला. वेगळ्या कुळांतल्या भाषाही शेजारी राहून एकमेकींसारख्या होतात, हा त्याचा गाभा.

याचं सगळ्यात गाजलेलं उदाहरण आपल्या सांगली जिल्ह्यातलं आहे. बर्कलीचेच जॉन गंपर्झ आणि रॉबर्ट विल्सन यांनी कुपवाड या गावाचा अभ्यास केला. तेव्हा ते जेमतेम तीन हजार वस्तीचं होतं, आज महानगरपालिकेचा भाग आहे. जैन आणि लिंगायत घरांत कानडी, मुसलमान घरांत उर्दू, दलित आणि भूमिहीन मजुरांच्या घरांत मराठी, दोर वळणाऱ्यांच्या घरांत तेलुगू. कित्येक शतकं शेजारी राहून या भाषांची व्याकरणं इतकी जवळ आली, की वाक्याचा सांगाडा जवळपास तोच ठेवून फक्त शब्द बदलायचे. सॉफ्टवेअरमध्ये कोड एकच ठेवून मेनूची भाषा बदलतो, तसं. तिथल्या उर्दूनेसुद्धा ‘आपण-आम्ही’चा भेद उचलला. हा निबंध 1971 मध्ये छापून आला. त्याच ग्रंथात पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाचे फ्रँकलिन साउथवर्थ यांनी मराठीच द्रविड आणि आर्य भाषांच्या मिसळणीतून घडली असेल का, हा प्रश्न मांडला. सगळ्यांना तो पटला नाही, पण चर्चा अजून चालू आहे.

गंमत म्हणजे इंग्रजीलाही हे चुकलं नाही. पापुआ न्यू गिनीत इंग्रजी शब्दांतून ‘तोक पिसिन’ ही भाषा घडली. तिथे नुसतं ‘वुई’ पुरेना. म्हणून ‘यू’ आणि ‘मी’ जोडून ‘युमी’ म्हणजे आपण, आणि ‘मी’ला ‘फेलो’ जोडून ‘मिपेला’ म्हणजे आम्ही!

तेव्हा मुलांच्या मराठीत इंग्रजी मिसळलं म्हणून फार घाबरू नये. कुपवाडमध्ये व्याकरणं विरघळली, पण प्रत्येक घराची बोली टिकली, कारण ती घरात बोलली जात होती. हवाईत उलट झालं. 1896 च्या कायद्याने शाळेचं माध्यम इंग्रजी झालं, हवाईयन बोलल्याबद्दल मुलांना शिक्षा होऊ लागल्या, आणि हळूहळू आईबापांनीच घरी ती बोलणं सोडलं. 1978 मध्ये तिला राज्यभाषेचा दर्जा मिळाला. पण ती मुलांच्या तोंडी परत येऊ लागली ती 1984 पासून, ‘पूनाना लेओ’ म्हणजे ‘भाषेची घरटी’ या बालवाड्यांमुळे. त्या आईबापांनी आणि शिक्षकांनी मिळून उभ्या केल्या.

आपल्याला मराठी बोलल्याबद्दल कोणी शिक्षा करत नाही. तरी इथली मुलं “आई, आम्ही कधी जेवायचं?” असं विचारतात, कारण डोक्यात ‘वुई’ असतं. रागवू नका. “अगं, मलासुद्धा भूक लागलीय, ‘आपण’ म्हण!” एवढं हसत सांगितलं तरी पुरे. शब्दकोश पाठ करून हा भेद येत नाही, रोज जेवणाच्या टेबलावर बोलूनच येतो.

तर मंडळी, या दिवाळीला फराळाची ताटं मांडताना एवढं आठवा. आणि आपणा सर्वांना दिवाळीच्या शुभेच्छा!